फूबार२०००ची प्लगइन्स : काय जोडावे आणि काय काढून टाकावे

वडिलांनी घरच्या टेपवर उतरवून घेतलेल्या गाण्याच्या बैठका, नाट्यसंगीताच्या विकतच्या कॅसेटी आणि पुढे मी स्वतः जमवलेल्या सीडी मिळून माझ्या संगणकावर आज साधारण चार हजार फाइली आहेत. गेली अकरा वर्षे त्या सगळ्या मी विंडोजवरच्या फूबार२००० या प्लेअरवर ऐकतो आहे. प्लेअर हलका आहे, फुकट आहे आणि जाहिराती दाखवत नाही, एवढे त्याच्याविषयी पुरे. येथे परीक्षण करायचे आहे ते त्याला बाहेरून जोडल्या जाणाऱ्या प्लगइन फाइलींचे, कारण नव्याने हा प्लेअर घेणारा माणूस पहिल्या आठवड्यातच त्यांच्या नादी लागतो आणि महिन्याभरात आपण नेमके काय काय जोडले हे त्यालाच सांगता येत नाही. माझेही तसेच झाले होते. एके काळी माझ्याकडे सतरा प्लगइन्स होती; आज तीन आहेत.

फूबारची पहिली जाहीर आवृत्ती डिसेंबर २००२ मध्ये आली. तिचे कर्ते पीटर पाव्लोव्स्की यांनी त्याआधी विनॅम्प या जुन्या प्लेअरसाठी काम केले होते, आणि विनॅम्पमधली नावांची शिस्त येथेही ओळखू येते. विनॅम्पमध्ये प्लगइन फाइलीच्या नावाची सुरुवात 'इन' अशी असली तर ती एखादे स्वरूप वाचणारी, 'आउट' असली तर आवाज साउंड कार्डाकडे पोचवणारी, 'डीएसपी' असली तर मधल्या वाटेत आवाजावर प्रक्रिया करणारी आणि 'व्हिस' असली तर पडद्यावर रंगीत लाटा उठवणारी, असे नावावरूनच कळत असे. फूबारमध्ये सगळ्यांच्या आधी 'फू' लागते आणि पुढचा शब्द काम सांगतो. लक्षात घेण्यासारखी गोष्ट अशी की मूळ प्लेअरचे स्वतःचे अवयवही, म्हणजे एमपी३ आणि फ्लॅक (आवाजातले काही न गाळता साठवणारे स्वरूप) वाचणे, ऑडिओ सीडी वाचणे, फाइलींची ध्वनिपातळी मोजणे हे सगळे, याच साच्यातल्या डीएलएल फाइलींतून, म्हणजे मुख्य प्रोग्रामला जोडून चालणाऱ्या तुकड्यांतून, चालते. बाहेरून आलेल्या प्लगइनला घरच्या अवयवाइतकीच मोकळीक मिळते. या प्लेअरचे बळ त्यात आहे आणि दुखणेही त्यातच आहे.

प्लगइन उतरवून घेतल्यावर हाती येणारी फाइल 'एफबी२के-कॉम्पोनंट' अशा लांबलचक शेपटीची असते. ती खरे पाहता एक झिप फाइल आहे. शेपटी बदलून 'झिप' लिहिली की कोणत्याही साध्या साधनाने उघडते आणि आत एक डीएलएल, कधी तिच्या सोबतीची एखाददुसरी फाइल आणि कधी 'एक्स६४' नावाचा फोल्डर दिसतो. काहीही जोडण्यापूर्वी ती अशी उघडून पाहण्याची सवय मी लावून घेतली आहे. त्याचे कारण पुढे येईल. जोडण्याची रीत सोपी आहे. कंट्रोल आणि पी दाबून प्रेफरन्सेस उघडावे, कॉम्पोनंट्सच्या पानावर इन्स्टॉलचे बटण दाबून फाइल दाखवावी, अप्लाय म्हणावे आणि प्लेअर पुन्हा सुरू होऊ द्यावा. काढून टाकण्यासाठीही तेच पान, यादीतल्या नावावर उजवी कळ आणि रिमूव्ह. विंडोजच्या रजिस्ट्री नावाच्या अंतर्गत नोंदवहीत हात घालावा लागत नाही. एवढ्या स्वच्छपणे पाहुणा घराबाहेर काढता येणे सॉफ्टवेअरच्या जगात दुर्मीळ आहे, म्हणून या एका बाबीसाठी मी पूर्ण गुण देतो.

आता एकेकाकडे वळू. सर्वाधिक उतरवून घेतल्या जाणाऱ्या प्लगइन्सपैकी कॉलम्स यूआय हे एक आहे. ते प्लेअरचा संपूर्ण चेहराच बदलते. मूळ मांडणीतही चौकटी हलवता येतात, पण कॉलम्स यूआयमध्ये यादीच्या प्रत्येक स्तंभात काय दिसावे, कोणत्या क्रमाने दिसावे हे स्वतः लिहून ठरवता येते, आणि त्याच्यासोबत येणारी फिल्टरची चौकट आपल्या संगीतासाठी फारच उपयोगी पडते. पाश्चात्त्य संगीतासाठी बनवलेल्या सगळ्या प्लेअरांना कलाकार, अल्बम आणि गाणे एवढ्या तीनच पायऱ्या माहीत असतात. मला मात्र आधी राग, मग गायक, मग ताल अशा वाटेने जायचे असते, आणि नाट्यसंगीतात तर अल्बमपेक्षा नाटकाचे नाव महत्त्वाचे. फूबार कोणत्याही नावाचे टॅग, म्हणजे फाइलीतच लिहून ठेवलेली गाण्याची माहिती, स्वीकारतो; मी राग, ताल, नाटक आणि पेटीवर कोण बसले आहे अशी चार क्षेत्रे तयार केली आणि फिल्टरच्या तीन चौकटींत राग, गायक आणि ताल लावले. आता यमनवर टिचकी मारली की यमन गाणाऱ्यांची यादी उभी राहते, त्यातल्या एकावर टिचकी मारली की त्याचे विलंबित आणि द्रुत वेगळे होते. हे प्लगइन माझ्याकडे उरलेल्या तिघांपैकी पहिले.

अर्थात टॅग नीट नसतील तर असली चौकट उलट घाण उघडी पाडते. एकाच गायकाचे नाव रोमन लिपीत, देवनागरीत आणि देवनागरीत पण मागे 'पं.' लावून, असे तीन प्रकारे लिहिलेले असले की चौकटीत तीन गायक दिसतात, आणि ही चूक कोणत्याही प्लगइनची नसून टॅग लिहिणाऱ्याची, म्हणजे माझी, होती. जाता जाता एक गंमत. एमपी३मधल्या टॅगची जी सर्वांत जुनी पद्धत आहे तिच्यात शीर्षकाला फक्त ३० बाइटची जागा असते. यूटीएफ-८ या अक्षरे साठवण्याच्या प्रचलित पद्धतीत देवनागरीचे प्रत्येक चिन्ह ३ बाइट खाते. 'ज्ञानेश्वर' हा शब्द जोडाक्षरे, काना आणि मात्रा सुटे करून मोजला तर बरोबर १० चिन्हांचा भरतो, म्हणजे माउलींचे नुसते नाव लिहिले की जागा संपली, अभंगाचा पहिला शब्दसुद्धा मावायचा नाही. म्हणून टॅग नव्या पद्धतीनेच लिहावेत आणि त्यासाठी वेगळे प्लगइन शोधण्याच्या फंदात पडू नये; फूबारच्या मूळ प्रॉपर्टीजच्या खिडकीत शेकडो फाइलींचे टॅग एकत्र बदलण्याची पुरेशी सोय आहे.

ज्या प्लगइनने मला सर्वाधिक सुख दिले ते म्हणजे इफेक्ट डीएसपी. त्याची गोष्ट थोडी सविस्तर सांगण्याजोगी आहे. कॅसेटची फीत सेकंदाला ४.७६ सेंटिमीटर या ठरलेल्या वेगाने पुढे सरकली पाहिजे. घरच्या टेपवर बैठक मुद्रित करताना सेल उतरत चाललेले असले की फीत त्या वेळी हळू फिरते, आणि तीच कॅसेट पुढे योग्य वेगाच्या टेपवर लावली की गाणे घाईचे आणि आवाज चढा ऐकू येतो. वडिलांच्या बऱ्याच कॅसेटी अशा आहेत. ज्या गायकाची पट्टी काळी एक असल्याचे घरातल्या सगळ्यांना ठाऊक होते तो या कॅसेटींत लगतच्या वरच्या पट्टीत, पांढरी दोनमध्ये, गात होता, आणि तबला तर नुकतेच लग्न जमल्यासारखा पळत होता. इफेक्ट डीएसपीमध्ये तीन वेगवेगळे सरकते दांडे मिळतात: एक फक्त स्वराची उंची बदलणारा, एक फक्त लय बदलणारा आणि तिसरा दोन्ही एकत्र, म्हणजे फिरण्याचा वेगच बदलणारा. येथे नवखा माणूस हटकून पहिला दांडा धरतो आणि चुकतो. स्वर तेवढा खाली ओढला तर लय चुकीचीच राहते, शिवाय तंबोऱ्याच्या नादात एक धातूसारखी थरथर येते. फितीचा दोष वेगाचा आहे, तेव्हा तिसराच दांडा हवा.

किती सरकवायचे याचेही गणित आहे. एका पट्टीतून लगतच्या वरच्या पट्टीत जायला कंपनसंख्या ५.९५ टक्क्यांनी वाढते, पण वरून खाली यायचे असले तर ५.६१ टक्केच कमी करावी लागते, कारण टक्के काढण्याचा आधारच बदललेला असतो. मी पहिल्या दिवशी ५.९५ टक्के उतरवले आणि पेटीवर काळी एक धरून ऐकत बसलो तर षड्ज केसाएवढा खाली लागत होता. कान चुकतो आहे असे वाटून दोन दिवस कानालाच दोष दिला. आकडा दुरुस्त केल्यावर पेटी आणि तंबोरा एकमेकांत विरघळले. या प्लगइनची मर्यादा मात्र सांगितली पाहिजे. सेल हळूहळू उतरतात, त्यामुळे कॅसेटच्या सुरुवातीला चूक थोडी आणि शेवटी जास्त असते; प्लगइनचा दांडा एकदा लावला की अखेरपर्यंत तेथेच राहतो. ४५ मिनिटांच्या एका बाजूत पहिला ख्याल सुरात आणि शेवटची भैरवी पुन्हा चढी, असे तीनचार कॅसेटींच्या बाबतीत झाले, आणि त्यांचे मला तुकडे करूनच काम भागवावे लागले.

याच प्लगइनची दुसरी गैरसोय अधिक त्रासाची आहे. प्रक्रियेच्या साखळीत ते एकदा बसवले की पुढे लावलेल्या प्रत्येक फाइलीला लागू होते. रात्री कॅसेट ऐकून झोपावे आणि सकाळी सीडीवरून घेतलेले भूपाळीचे ध्वनिमुद्रण लावावे तर गायिकेचा आवाज बसलेला वाटतो, आणि आपण दांडा काढायला विसरलो हे दहा मिनिटांनी लक्षात येते. साखळ्यांना नावे देऊन जतन करता येतात, पण त्या आठवणीने बदलाव्या लागतात. यावरचा माझा उपाय असा की फूबारच्या कन्व्हर्टरमध्ये हेच प्लगइन वापरून कॅसेटची दुरुस्त केलेली नवी फ्लॅक फाइल एकदाची बनवून घ्यायची, मूळ फाइल बाजूला जपून ठेवायची आणि साखळी रिकामी करायची.

एबीएक्स कंपॅरेटर हे प्लगइन रोजच्या ऐकण्यासाठी नाही, पण घरातले वाद मिटवण्यासाठी त्याच्यासारखे साधन नाही. एकाच गाण्याच्या दोन फाइली त्याला द्यायच्या. ते त्यांपैकी कोणतीतरी एक अज्ञात म्हणून ऐकवते आणि ती पहिली की दुसरी हे आपण सांगायचे. माझा भाचा फ्लॅकचा कट्टर भक्त आहे आणि ३२० केबीपीएसची, म्हणजे वरच्या दर्जाची, एमपी३ आपण डोळे मिटून ओळखू असे त्याचे म्हणणे होते. १६ फेऱ्यांत त्याची ९ उत्तरे बरोबर आली. नुसता छापा-काटा करूनही ९ किंवा त्याहून अधिक बरोबर येण्याची शक्यता ४० टक्के असते. १२ बरोबर आली असती तर ती ४ टक्क्यांच्या खाली गेली असती आणि मला ऐकून घ्यावे लागले असते. फाइली निवडताना दोन्हींची ध्वनिपातळी सारखी असल्याची खात्री करावी, नाहीतर मोठा वाजणारा तुकडा प्रत्येकालाच चांगला वाटतो. वाद मिटला, प्लगइन काढून टाकले. पुन्हा लागले तर पुन्हा जोडू.

एसिओ, म्हणजे स्टुडिओच्या यंत्रांकडे आवाज थेट पोचवण्याची पद्धत, हिच्या प्लगइनबद्दल महाजालावर जे अवडंबर माजवले जाते ते मला पटलेले नाही. ज्यांच्याकडे स्टुडिओच्या दर्जाचा ऑडिओ इंटरफेस आहे आणि त्याचा ड्रायव्हर एसिओवरच नीट चालतो, त्यांच्यासाठी ते योग्य आहे. बाकीच्यांनी त्याच्या वाटेला जाऊ नये. विंडोजचा मिक्सर टाळून आवाज थेट यंत्राकडे पोचवण्यासाठी पूर्वी वासापीचे वेगळे प्लगइन लागत असे; आता ती सोय मूळ प्लेअरमध्येच आहे आणि आउटपुटच्या यादीत 'एक्सक्लुझिव्ह' असे लिहिलेले यंत्र निवडले की काम होते. जुने लेख वाचून आजही लोक ते प्लगइन शोधत फिरतात. तसेच ध्वनिपातळी सारखी करण्याचे. जुन्या भजनाच्या कॅसेटीनंतर अलीकडची सीडी लागली की माणूस दचकतो, त्यावर रिप्लेगेन हा उपाय मूळ प्लेअरसोबतच येतो. तो ईबीयू आर१२८ या प्रमाणानुसार मोजणी करतो आणि आवाजाला हात न लावता फक्त टॅगमध्ये आकडा लिहून ठेवतो.

प्लेबॅक स्टॅटिस्टिक्स हे माझ्याकडचे दुसरे कायमचे प्लगइन. कोणती फाइल कितीदा आणि शेवटची कधी ऐकली याची नोंद ते ठेवते, आणि ती नोंद फाइलीच्या जागेशी न बांधता टॅगमधल्या नावांशी बांधते. त्यामुळे मी फाइली एका डिस्कवरून दुसरीकडे हलवल्या तरी अकरा वर्षांचा हिशेब टिकला. टॅग बदलला तर मात्र तो तुटतो, म्हणून आधी टॅग नीट करावेत आणि मगच हे जोडावे. मंकीज ऑडिओ या फ्लॅकसारख्याच स्वरूपाच्या फाइली वाचणारे प्लगइन ज्याच्याकडे तसल्या फाइली आहेत त्याने घ्यावे. मी माझ्या सगळ्या फ्लॅकमध्ये बदलून मोकळा झालो.

आता अडचणींकडे. २०२३ मध्ये फूबारची २.० ही आवृत्ती आली आणि तिच्याबरोबर ६४-बिट प्लेअरही. नव्याचा सोस म्हणून मी लगेच ६४-बिट घेतला आणि माझ्या सतरांपैकी सात प्लगइन्स एका झटक्यात निकामी झाली. ६४-बिट प्रक्रियेत ३२-बिट डीएलएल चढतच नाही. ज्या लेखकांनी नवी फाइल बनवून झिपमधल्या 'एक्स६४'च्या फोल्डरात ठेवली त्यांचीच प्लगइन्स चालतात. पुड्या आधी उघडून पाहण्याची सवय तेव्हापासूनची. ज्यांचे एखादे जुने प्लगइन अगदी प्राणप्रिय आहे त्यांनी २.०ची ३२-बिट आवृत्ती घ्यावी. गाणी ऐकण्याच्या दृष्टीने दोन्हींत फरक नाही आणि कित्येक वर्षांपूर्वी लेखकाने वाऱ्यावर सोडलेली प्लगइन्ससुद्धा तिच्यात बहुधा चालतात. माझ्या बाबतीत या सक्तीच्या सफाईचा फायदाच झाला, कारण सातांपैकी पाचांची मला आठवणही येत नव्हती.

दुसरी अडचण स्थैर्याची. प्लगइन प्लेअरच्याच प्रक्रियेत राहत असल्यामुळे ते कोसळले की प्लेअरही कोसळतो. एक दृश्यांकनाचे प्लगइन, ज्याचे नाव मी येथे घेत नाही, पडद्यावर फार सुंदर वर्णपट दाखवत असे. पण लॅपटॉप झोपेतून जागा झाला की प्लेअर बंद पडायचा. मी प्लेअरवरच चिडलो होतो. मग बंद पडताना तयार होणारा अहवाल उघडून पाहिला. प्रत्येक वेळी फूबार प्रोफाइलच्या फोल्डरात एक साधी मजकुराची फाइल टाकून ठेवतो आणि कोणत्या डीएलएलमध्ये गाडे अडकले तिचे नाव त्यात लिहिलेले असते. पाचही अहवालांत तेच एक नाव होते. सुरूच होईना अशी वेळ आली तर प्लेअर सेफ मोडमध्ये उघडण्याविषयी विचारतो आणि त्यात बाहेरची प्लगइन्स बाजूला ठेवली जातात. दोष कोणाचा हे इतक्या सरळपणे सांगणारे सॉफ्टवेअर मी फार थोडे पाहिले आहे.

सुरक्षिततेचा मुद्दा टाळता येणार नाही. डीएलएल म्हणजे चालणारा प्रोग्राम. आपल्या विंडोजच्या खात्याला जे जे करता येते ते ते तिला करता येते: फाइली वाचता येतात, पुसता येतात, महाजालाशी बोलता येते. मधे कोणतीही भिंत नाही. म्हणून प्लगइन फूबारच्या अधिकृत संकेतस्थळावरील यादीतून किंवा लेखकाच्या स्वतःच्या पानावरूनच घ्यावे. मूळ प्लेअरचा स्रोत, म्हणजे प्रोग्रामचा लिहिलेला मजकूर, बंद असला तरी कॉलम्स यूआयसारख्या काही प्लगइन्सचा स्रोत खुला आहे आणि दोन सारख्या पर्यायांत मी तो निकष लावतो. 'सगळे डीएलएल एकाच ठिकाणी' अशी पाटी लावून बसलेल्या संकेतस्थळांवरून सुटी डीएलएल उचलून फोल्डरात टाकणे म्हणजे रस्त्यात सापडलेली गोळी पाण्याबरोबर घेणे आहे.

व्हीएलसी या चित्रपटांच्या प्लेअरशी तुलना करण्याचा मोह होतो, पण तेथे प्रश्नच निराळा आहे. व्हीएलसीच्या प्लगइन्स नावाच्या फोल्डरात शेकडो डीएलएल असतात, पण त्या सगळ्या घरच्याच. बाहेरून काही आणून टाकण्याची सामान्य माणसाला गरज पडत नाही, आणि आणलेच तर एका मुख्य आवृत्तीसाठी बांधलेले डीएलएल पुढच्या मुख्य आवृत्तीत चालत नाही. तेथे वापरकर्त्यांनी जोडायची गोष्ट म्हणजे लुआ या प्रोग्रामिंगच्या भाषेतली छोटी मजकुराची फाइल. चित्रपट पाहणाऱ्याला तेवढे पुष्कळ होते. फूबारच्या मोबाइलवरील आवृत्तीत ही विंडोजची प्लगइन्स चालत नाहीत, हेही सांगून ठेवतो, कारण त्याच आशेने ती उतरवून घेणारे दोघे मला माहीत आहेत.

माझ्याकडचे तिसरे प्लगइन अर्थातच इफेक्ट डीएसपी, कारण अजून एक ट्रंक उघडायची बाकी आहे. गेल्या महिन्यात आत्याने बैठकीच्या त्या कॅसेटी ऐकायला मागितल्या. तिला पेटी घेऊन त्यांच्याबरोबर बसायचे होते. फूबारची पोर्टेबल प्रत पेन ड्राइव्हवर करता येते आणि तिच्यात प्लगइन्स, साखळ्या, याद्या सगळे एकाच फोल्डरात राहते, म्हणून आधी माझी अख्खी मांडणीच उतरवून द्यावी असे मनात होते. मग विचार बदलला. दुरुस्त करून घेतलेल्या फ्लॅक फाइली, कोरा फूबार आणि एक यादी, एवढेच दिले. दुसऱ्या दिवशी तिचा फोन आला: सगळ्या बैठका काळी एकमध्ये लागत होत्या, फक्त शेवटची भैरवी जरा चढी वाटली, ते गायकाचे की टेपचे, असे ती विचारत होती.